तिसऱ्या दिवसाचा धागा

१

म्हाताऱ्याने अजून तोंडही उघडलं नव्हतं, आणि लड बोलली.

नोंदणी कचेरीच्या मधल्या खोलीत तेव्हा मृत्युपत्र करायला आलेला म्हातारा होता, त्याचे तीन मुलगे होते, दोन सुना होत्या, आणि रेशमाची लड हातात घेतलेला कारकून. कारकुनाने रोजच्याप्रमाणे ओल्या बोटांतून धागा ओढत तपासायला घेतला. अगदी शेवटच्या वेढ्याला पोचल्यावर धागा कुजबुजला, "मला इथे राहायचं नाही."

थोरल्या मुलाला वाटलं, वडीलच बोलले. "असं अभद्र बोलू नका हो बाबा," म्हणत त्याने डोळ्यांना पदरासारखं उपरणं लावलं. म्हातारा भडकला. "मी कुठेही चाललेलो नाही," असं ठणकावून तो मृत्युपत्र न करताच घरी गेला, आणि मुलगे एकमेकांची तोंडं बघत राहिले.

कोरं रेशीम म्हणजे एकही शब्द न ऐकता विणलेलं रेशीम. या रेशमाचा किडा कोष विणताना हातभर अंतरावर जे कानी पडेल ते धाग्यात विणून टाकतो. वाक्य मोठं असो की छोटं, ते वीतभर धाग्यात बसतं, आणि तिथे ओलं बोट लागलं की पुन्हा ऐकू येतं. शब्द राहतात, आवाज राहत नाही. बोलणारा कुणीही असो, कुजबुज तीच. कोरी लड पुढे एकदाच, एकाच माणसाचं ऐकते आणि ते कायमचं धरून ठेवते, म्हणून मृत्युपत्रं आणि साक्षी तिच्यावरच होतात. आधीच कुणाचे शब्द असलेली लड कुचकामी.

म्हणून कोऱ्या रेशमाचा कायदा होता. कोष विणून व्हायला तीन दिवस लागतात. त्या तीन दिवसांत कोषघरात दिवसाला एकच राखणदार, आणि त्याने चकार शब्द काढायचा नाही. काढला तर दोन वर्षं त्याची दहाही बोटं मेणपट्टीत. मुक्या माणसाला राखणीचा पहिला हक्क आणि राहायला त्याच घरात खोली. मुकेपणाचं सोंग केलं असेल तर मेणपट्टी आहेच, वर खोलीही जाणार.

कचेरीने तर्क लावला. कायद्याप्रमाणे गुंडाळलेल्या लडीचं बाहेरचं टोक पहिल्या दिवसाचं असतं, आतलं टोक तिसऱ्या दिवसाचं. शब्द सापडले ते आतल्या टोकाला. लडीच्या चिठ्ठीवर ज्या रेशीमघराचा शिक्का होता तिथे तिसऱ्या दिवशी राखणीला मुकी मावशी होती. मुकं माणूस बोलत नाही, एवढं कचेरीलाही ठाऊक होतं. तेव्हा कचेरीने सोपा निष्कर्ष काढला की ही बाई मुकी नाहीच. तीस वर्षं सगळ्यांच्या डोळ्यांत धूळ फेकते आहे.

हुकूम तयार झाला. निरीक्षकबाईंनी फक्त जाऊन मावशीसमोर सही करायची होती. सव्वीस वर्षांच्या नोकरीत त्यांनी अशा सह्या पुष्कळ केल्या होत्या, आणि त्यात त्यांना कधी जड गेलं नव्हतं. या वेळी मात्र कागद वाचताना त्या एका ओळीवर थांबल्या. मावशी खरंच मुकी असेल, तर ती हातांनी बोलत असणार. बोटं बांधल्यावर ती कशाने बोलणार होती?

रेशीमघराच्या अंगणात त्या पोचल्या तेव्हा पट्टीवाला आधीच येऊन बसला होता. त्याने मेण वितळायला ठेवलं होतं.

२

"घाई कसली एवढी?" निरीक्षकबाईंनी विचारलं.

"मेण पातळ व्हायला वेळ लागतो बाई," पट्टीवाला म्हणाला. "तुमची सही होईपर्यंत तयार असलेलं बरं. मला संध्याकाळी घरी पाहुणे आहेत."

"पाहुण्यांना थोडं थांबावं लागेल."

मालक लगबगीने पुढे आला. सडसडीत, पन्नाशीचा माणूस. बोलताना आवाज इतका हळू की समोरच्याने कान द्यावा. आयुष्यभर गप्प राहायची सवय लागलेल्या माणसांचं असं होतं. त्याने कोषघर दाखवलं. लांबट खोली, जाड पडदे, भिंतीलगत फळ्यांवर बांबूच्या चाळीस ताटल्या. एका ताटलीत आठ किडे, एका ताटलीची एक लड. चाळीस ताटल्या तर चाळीस लडी. एक जरी कमी भरली तरी कचेरी घर सील करते. दाराशी पाटीवर खडूने राखणीचे दिवस लिहिलेले होते: पहिला दिवस टकळी, दुसरा मालक, तिसरा मावशी.

"टकळी कोण?"

"माझी मुलगी. लहानपणी तिची टकळी बंदच व्हायची नाही, तेव्हापासून तेच नाव पडलं. आता शहाणी झालीय. आई नाही तिला. मावशीनेच अंगाखांद्यावर वाढवली."

"मावशीला तुम्ही कधी बोलताना ऐकलंत?"

"तीस वर्षांत एकदाही नाही," तो म्हणाला. "वैद्याने लिहून दिलं होतं तिच्या घशाचं. वैद्य वारला, कागद कुठे गेला कुणास ठाऊक. पण बाई, लड खोटं बोलत नाही ना?"

माणूस वाईट नव्हता, फक्त घाबरट होता. मावशीवर निभावलं तर आपल्या घरावर काही येत नाही, हे त्याला पुरेपूर कळत होतं, आणि ते कळतंय याची लाजही वाटत होती.

धागा काढायच्या खोलीत मालकाचा भाचा भेटला. तिथे बोलायला बंदी नव्हती, आणि तो त्याचा पुरेपूर फायदा घेत होता. कढईतल्या गरम पाण्यात कोष कसे सोडतात, आठ कोषांची टोकं कशी उचलतात, आठांचा मिळून एक धागा रहाटावर कसा चढतो, हे त्याने न विचारता सांगितलं. "मग रहाटावरून उतरवून पुन्हा एकदा गुंडाळायचा, बाई. दोनच वेळा. तिसऱ्यांदा हात लावला की धागा उलटा होतो, आतलं बाहेर, बाहेरचं आत. शेंबड्या पोरालाही येतं ते."

"या खेपेच्या लडी तूच गुंडाळल्यास?"

"मीच. म्हणजे मीच गुंडाळतो नेहमी. या खेपेला नेमका अंगठा भाजला." त्याने अंगठ्यावरचा गुलाबी डाग दाखवला. "घरातल्यांनी मिळून उरकलं. मामांनी, टकळीने, मावशीने."

"आणि तुला काय वाटतं? मावशी बोलते?"

भाच्याने कढईकडे मान केली. मग तो म्हणाला, "मागल्या वर्षी मावशीच्या पायावर कढई सांडली. गुडघ्यापर्यंत कातडी सोलून निघाली बाई. तेव्हासुद्धा नुसता श्वासच ऐकू आला. बोलता येत असतं तर माणूस तेव्हा तरी ओरडलं असतं की नाही?"

३

मावशी तिच्या खोलीत पलंगाच्या कडेला बसली होती. साठीची, रुंद चणीची बाई, केस घट्ट बांधलेले. चेहऱ्यावर रडं नव्हतं, राग होता. तिच्या शेजारी टकळी उभी होती, बावीस-तेवीसची, रात्रभर न झोपल्यासारखी दिसणारी.

मावशीला ऐकू सगळं येत होतं, पण तिच्या हातांची भाषा घरात टकळीलाच पुरती समजत असे. बाकीचे "ये", "जा", "जेव" एवढ्यावर भागवत. त्यामुळे जबाब टकळीच्या तोंडून घ्यावा लागणार होता.

"तिसऱ्या दिवशी तू कोषघरात बोललीस का?"

मावशीचे हात झरझर चालले.

"ती म्हणते, मी बोलले नाही," टकळी म्हणाली. "मला बोलता येत नाही. देवाने दिलं असतं तर या घरात तीस वर्षं काढली नसती, गाणी म्हणत गावोगाव फिरले असते."

पट्टीवाला दारातून डोकावत होता. "एक टाचणी टोचून बघा बाई," त्याने सुचवलं. "लगेच कळेल."

निरीक्षकबाईंनी त्याच्याकडे अशा नजरेने पाहिलं की तो मेणाकडे परत गेला.

त्यांनी पिशवीतून ती लड काढून पलंगावर ठेवली. मावशी पुढे वाकली. तिने लडीच्या आतल्या टोकाचा धागा चिमटीत धरला, अंगठा आणि तर्जनी एकमेकांवर घासली. मग बाहेरचं टोक धरलं, पुन्हा घासली. निरीक्षकबाईंकडे पाहिलं. तेच पुन्हा केलं, आणि मग रिकामी चिमूट त्यांच्या नाकासमोर नेऊन घासून दाखवली.

"हे काय म्हणते?"

"काही नाही," टकळी म्हणाली. "सवय आहे तिची. तीस वर्षं धागा हाताळलाय, बोटं थांबत नाहीत."

मावशीने टकळीकडे पाहिलं. ते पाहणं निरीक्षकबाईंच्या लक्षात राहिलं. ओळखीच्या माणसाने भर रस्त्यात ओळख दाखवली नाही की असं बघतात.

"चहा मिळेल का?" निरीक्षकबाईंनी विचारलं.

चहा मावशीनेच केला. निरीक्षकबाई स्वयंपाकघराच्या दारात उभं राहून तिचे हात बघत होत्या. किटली धरताना, कप पुसताना, साखर घालताना ती बोटं अगदी स्वस्थ होती. चहा पिऊन होईपर्यंत तिने एकदाही चिमूट घासली नाही. सवय असती तर ती चहा करतानाही दिसली असती. मावशी काहीतरी सांगत होती, आणि ते सांगायचं काम जिचं होतं ती गिळून बसली होती.

निरीक्षकबाईंनी कप खाली ठेवला. "मला एका लडीपुरते कोष हवेत," त्या म्हणाल्या. "अख्खे. धागा न काढलेले."

४

भाच्याने बियाण्यासाठी राखून ठेवलेल्या कोषांतले आठ कोष पाण्यात सोडले, टोकं उचलली आणि रहाट फिरवायला घेतला. निरीक्षकबाईंनी बाही वर केली आणि धागा आपल्या चिमटीतून जाऊ दिला.

"बोलू नकोस थोडा वेळ," त्यांनी भाच्याला सांगितलं. त्याच्यासाठी ही मोठीच शिक्षा होती, पण त्याने ती सोसली.

पहिल्यांदा त्यांना काहीच वेगळं वाटलं नाही. धागा तो धागाच. रहाट फिरत राहिला, पाण्यातले कोष लहान होत गेले, कवचातून आतल्या किड्याची काळी सावली दिसू लागली. आणि मग अगदी शेवटाकडे त्यांच्या लक्षात आलं की आता चिमटीत जवळजवळ काहीच लागत नाहीये. धागा होता, डोळ्यांना दिसत होता, बोटांना मात्र जेमतेम कळत होता.

"बारीक झाला," त्या म्हणाल्या.

"होणारच की!" भाच्याचा बांध फुटला. "किडा पहिल्या दिवशी अंगात जोर असताना बाहेरचं कवच विणतो. धागा चांगला भरदार. तिसऱ्या दिवसापर्यंत बिचारा रिकामा होत आलेला असतो, आतला धागा निम्म्यानेही जाड नसतो. तुम्हाला ठाऊक नाही?"

"कचेरीत हे कुणालाच ठाऊक नाही," निरीक्षकबाई म्हणाल्या. कचेरीतली माणसं लडी ऐकत, चाचपून कुणी बघत नसे. कायदा लिहिणाऱ्यांनीही कोष कधी हातात धरला नसावा.

त्यांनी पिशवीतली लड काढली. आतलं टोक, जिथे शब्द होते ते, चिमटीत धरलं. घासलं. बाहेरचं टोक धरलं. घासलं. खात्री व्हावी म्हणून डोळे मिटून पुन्हा केलं.

शब्द असलेलं टोक भरदार होतं.

"बाकीच्या लडी कुठे आहेत या खेपेच्या?"

"एकोणचाळीस? त्या कोठीत. एक तातडीची म्हणून आधी गेली, या उद्या जायच्यात."

एकोणचाळीस लडी चाचपायला तासभर लागला. दर वेळी बाहेरचं टोक जाड, आतलं बारीक. एकही उलटी नव्हती. निरीक्षकबाई कोठीच्या उंबरठ्यावर बसल्या. त्यांचे गुडघे दुखत होते आणि त्यांना मनापासून वाईट वाटत होतं, कारण आता त्यांना नाव कळलं होतं.

५

त्यांनी सगळ्यांना अंगणात बोलावलं. मेण पातळ झालं होतं.

"कचेरीची चूक झाली," निरीक्षकबाईंनी सरळच सुरुवात केली. "ही लड उलटी आहे. दोनदा गुंडाळायची ती तिसऱ्यांदा गुंडाळली गेली. शब्द आतल्या टोकाला आहेत, पण ते टोक तिसऱ्या दिवसाचं नाही, पहिल्या दिवसाचं आहे. कुणीही चाचपून बघा."

भाच्याने चाचपलं. मालकाने चाचपलं आणि त्याचा चेहरा उतरला, कारण पाटीवरची नावं त्याला पाठ होती.

"चुकून झालं असेल," तो म्हणाला. "घाईत. भाच्याचा अंगठा भाजलेला, सगळे गडबडीत..."

"मलाही आधी तसंच वाटलं. म्हणून बाकीच्या लडी पाहिल्या. एकोणचाळीस सरळ आणि एकच उलटी, आणि नेमकी तीच जिच्यात शब्द आहेत. कचेरीत ती ऐकली जायच्या आधी, कोणत्या ताटलीत शब्द गेले हे कुणाला ठाऊक असणार? जो त्या ताटलीवर वाकून बोलला त्यालाच. तुम्ही नाही, तुमचा दिवस मधला. लड कशीही उलटवा, मधलं मधेच राहतं. मावशी नाही. तिचे शब्द असते तर ते बारीक टोकाला असते, आणि तिने उलट मला लड चाचपायला सांगितलं. तिचं ते सांगणं मला कुणी सांगितलं नाही."

सगळ्यांनी टकळीकडे पाहिलं. तिने नाकारलं नाही.

"मला वाटलं, मावशीच्या दिवसावर गेलं की कुणाला काही म्हणताच येणार नाही," ती म्हणाली. "मुकी बाई बोलली, असं कोण म्हणेल? लडच बिघडलीय म्हणतील, टाकून देतील. लड पळवली असती तर घर गेलं असतं. मी फक्त फिरवली."

"आणि हुकूम आला तेव्हा?"

"तेव्हा..." मग एकदम ती भडाभडा बोलू लागली. "मी भ्याले. दोन वर्षं बोटं बांधून बसायचं! आणि बाबांच्या मागे हे सगळं माझ्याच गळ्यात पडणार. दर महिन्याला दिवसभर अंधारात गप्प. बाहेर आलं तरी सगळे हळू बोलतात. मला मोठ्याने हसणारी माणसं हवीत. कुणाला सांगणार? किड्यांना सांगितलं. एकदाच. ऐकणारं दुसरं कुणी नव्हतं."

मालक अंगणातच खाली बसला.

"मावशीला सांगायचं होतंस," निरीक्षकबाई म्हणाल्या.

"मावशीला सगळं कळतं," टकळी म्हणाली. "म्हणूनच तिला नाही सांगितलं."

पट्टीवाल्याने घसा खाकरला. "मग बाई, कुणाची बोटं? मेण घट्ट व्हायला लागलंय."

६

निरीक्षकबाईंनी जुना हुकूम फाडला आणि नवा लिहिला. लिहिताना त्यांना कलम चौदा आठवलं. ज्याच्यावर खोटा आळ आला त्याला एक हक्क होता: शिक्षा निम्मी करा, असं तो म्हणू शकत होता. दोन वर्षांचं एक वर्ष. पण त्याचा जबाब घ्यावा लागे, आणि इथे जबाब सांगू शकणारं माणूस एकच होतं.

"तुलाच सांगावं लागेल," त्या टकळीला म्हणाल्या. "तिला विचार. निम्मी की पूर्ण?"

मालकाच्या चेहऱ्यावर आशा उमटली. भाचाही मावशीकडे बघू लागला. बावीस वर्षांपूर्वी आईविना पोर हिने उचलून छातीशी धरली होती. ती काय म्हणणार हे सगळ्यांनी मनात ठरवून टाकलं होतं. निरीक्षकबाईंनीसुद्धा.

मावशी टकळीसमोर येऊन उभी राहिली. तिचा राग अजून उतरला नव्हता. तिने हात उचलले आणि एकच छोटी खूण केली.

अंगणात टकळीशिवाय कुणालाच ती खूण कळली नव्हती. टकळीने "निम्मी" म्हटलं असतं तर निरीक्षकबाईंनी निम्मी लिहिली असती, मालकाने सुटकेचा श्वास टाकला असता, आणि मावशीला ते खोडून काढायला तोंड नव्हतं.

"ती म्हणते," टकळी म्हणाली, "पूर्ण."

"अगं पण—" मालक पुढे झाला.

"पूर्ण म्हणते ती, बाबा."

निरीक्षकबाईंनी लिहिलं. लेखणी खाली ठेवताना त्यांना दिसलं की मावशीचे हात थांबलेले नाहीत. ते सावकाश चालले होते, आणि टकळी ते बघत होती आणि तिच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं.

"पुढे काय म्हणाली?"

टकळीने बाहीने नाक पुसलं. "ती म्हणते, दोन वर्षं घास मी भरवीन. वेणी मी घालीन. हिला दुसऱ्या कुणी हात लावायचा नाही."

असलं काही लिहायला हुकुमात जागा नव्हती. निरीक्षकबाईंनी ते समासात लिहिलं, खाली सही केली, आणि पट्टीवाल्याला मेण घेऊन यायला सांगितलं.